गुलाबी पडलेला गुप्तहेर

प्रश्न : वाड्याच्या माळ्यावर, परदेशी राहिलेल्या काकांच्या पेटीत ८ मिमीची एक रीळ सापडली. खोक्यावर हॅटवाला गुप्तहेर आणि अर्धवस्त्रातली बाई, शिवाय '२०० फूट' असे छापले आहे. फिल्म गुलाबी पडली आहे, आंबूस वास येतो. जुना प्रोजेक्टर आहे. लावून पाहू का?
– एक वाचक, रामबाग, इंदूर

उत्तर : लावू नका. आधी कडेची छिद्रे पाहा. छिद्र बारीक आणि चौकटीच्या (फिल्मवरच्या एका चित्राच्या) मध्याशी असेल तर ती सुपर ८, म्हणजे १९६५ नंतरची. मोठे आणि दोन चौकटींच्या सांध्याशी असेल तर साधी ८ मिमी. एकीच्या प्रोजेक्टरवर दुसरी चढवली की दाते छिद्रे फाडतात.

सुपर ८ च्या एका फुटात ७२ चौकटी असतात. सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने २०० फूट दहा मिनिटांत संपतात, म्हणजे हा पूर्ण चित्रपट नव्हे. १९७०च्या दशकात अमेरिकेत असे प्रौढांचे चित्रपट थिएटरात पूर्ण लांबीचे लागत. दिग्दर्शक बॉब चिन यांनी १९७१मध्ये आणलेला जॉनी वॉड हा खासगी गुप्तहेर तर पुढे मालिकेचा नायक झाला. घरगुती रिळांत मात्र बहुधा शय्यादृश्येच उरत. सुगावा, संशयित, उकल यांना कात्री लागे. त्या काळच्या या चित्रपटांचे वेगळेपण कथानकात होते, आणि नेमके तेच गेले. म्हणून खोके फेकू नका, चित्रपट ओळखायला तोच मोठा पुरावा आहे.

गुलाबी रंगाचे कारण असे : रंगीत फिल्ममधला निळसर थर आधी उडतो, लालसर मागे राहतो. उडालेला रंग फिल्मवर परत येत नाही. स्कॅन केल्यावर संगणकावर थोडाफार सावरता येतो.

आंबूस वास व्हिनेगरचा. अ‍ॅसिटेट या प्लास्टिकची फिल्मची पट्टी कुजून अ‍ॅसिटिक आम्ल सुटते आणि तेच आम्ल कुजणे वाढवते. पट्टी आकसते, वाकडी होते, प्रोजेक्टरात तुटते. ही रीळ इतर रिळांपासून वेगळी ठेवा. हवाबंद डबा नको, आम्ल आतच कोंडते. माळव्याच्या उन्हाळ्यात माळा भट्टीसारखा तापतो आणि पावसाळ्यात ओल धरतो, तेव्हा रीळ खाली आणून थंड, कोरड्या कपाटात ठेवा. आर्द्रता ३० ते ५० टक्के असावी. बुरशी दिसली तर कोरड्या मऊ कापडाने हलकेच पुसा. पाणी मुळीच नको, चित्राचा जिलेटिनचा थर सुटतो.

स्कॅन लवकर करा, पण दाते न वापरता फिल्म सरकवणाऱ्या यंत्रावर. रिळेत काय आहे ते स्टुडिओला आधीच सांगा. अश्लील मजकूर विकणे वा जाहीर दाखवणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २९४ खाली गुन्हा आहे, आणि नेटवर टाकणे माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या ६७ व ६७-अ खाली. स्कॅनची फाइल व्हॉट्सअ‍ॅपवर कोणालाही पाठवू नका.