उत्तर: किनुयो तनाकांवर बोलायचंय, कुठून सुरुवात करू?

'फिल्म सोसायटीत जपानी अभिनेत्री किनुयो तनाकांवर वीस मिनिटं बोलायचंय, दिग्दर्शक मिझोगुचींचे त्यांच्या भूमिका असलेले चार चित्रपट बघून झालेत, पुरतील ना?' हे तुमचं वाचलं आणि पोटात गोळाच आला. मीही असाच चार चित्रपटांवर उभा राहिलो होतो.

सुरुवात झकास झाली. मिझोगुचींच्या 'लाइफ ऑफ ओहारू'मधला प्रसंग रंगवला (ओहारू म्हणजे तनाका): उतारवयातल्या ओहारूला एक म्हातारा आपल्या सोबतच्या यात्रेकरूंपुढे उभी करतो, बघा बाईच्या नादाने काय होतं म्हणून. ती पैसे घेते आणि जाता जाता बोटं वाकवून मांजरीसारखी फिस्कारते. मग मी ऐटीत म्हणालो, "तनाका म्हणजे मिझोगुचींची निर्मिती." मागून एका आजींनी विचारलं, "१९२४ पासून काम करतेय म्हणालात, हा चित्रपट १९५२ चा. मधली अठ्ठावीस वर्षं काय करत होती?" मी पाणी प्यायलो.

शोचिकू या जपानी चित्रपट कंपनीची मोठी तारका होती हो ती! १९३१ च्या पहिल्या गाजलेल्या जपानी बोलपटात नायिका. १९५० मध्ये अमेरिकेहून परतली ती गॉगल लावून, लोकांना उडते मुके देत. वर्तमानपत्रांनी सोलून काढलं. आणि १९५३ पासून तिने स्वतः सहा चित्रपट दिग्दर्शित केले. त्याला विरोध कोणी केला? मिझोगुचींनीच. म्हणजे माझं 'निर्मिती' किती फसलं बघा.

ते सहा बघायला तेव्हा एका संस्थेत खेटे घातले. पत्र आणा, शिक्का आणा, साहेब रजेवर. तीन आठवड्यांनी कॅसेट मिळाली ती भलत्याच तनाकाची! तनाका हे आडनाव आहे, आपल्याकडच्या पाटलांसारखं. पूर्ण नावानेच शोधा. आता सहाही चित्रपट दुरुस्त होऊन आलेत, तुम्ही नशीबवान.

मी अभ्यासक नाही, जपानी येत नाही, सबटायटल्सवर भागवतो. तरी माझं ऐकाल तर तिने दिग्दर्शित केलेल्या 'फॉरएव्हर अ वूमन' (१९५५) पासून सुरू करा. स्तनाच्या कर्करोगाने गेलेल्या फुमिको नाकाजो या कवयित्रीवरचा आहे, आणि त्यात कुठे रडारड नाही. मिझोगुची मग घ्या, पाच मिनिटं बास. शेवटी 'सांदाकान नंबर ८': मोडक्या घरात मांजरांसोबत राहणारी म्हातारी. त्यासाठी १९७५ मध्ये बर्लिनला सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली. दोन वर्षांनी गेलीच.

आणि क्लिपचा आवाज आदल्या दिवशी तपासा. आमच्या हॉलचा एकच स्पीकर चालू होता, तोही दाराबाहेरचा.