पाठिंबा 'काढला', 'काढून घेतला' की 'मागे घेतला'?

ताई, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. तुमची बातमी निफाड तालुक्यातल्या एका ग्रामपंचायतीची आहे, सरपंचांबरोबर असलेले चार सदस्य फुटले आणि तुम्ही हेडिंग दिलंत, 'सरपंचांकडून चार सदस्यांनी पाठिंबा काढला'. त्यावर एक सीनिअर म्हणाले 'काढून घेतला' पाहिजे, दुसरे म्हणाले 'मागे घेतला' हेच बरोबर, आणि तिसऱ्यांचं म्हणणं की 'मागे घेतला' ही हिंदीची नक्कल आहे, मराठी नाहीच. नाशिकमधेच पेपरच्या डेस्कवर माझी बरीच वर्षं गेलीयेत आणि हा वाद दर निवडणुकीला होतो म्हणून जरा सविस्तर लिहितो, घाई असेल तर शेवटचे दोन पॅरा आधी वाचा.

ज्याच्यावर कुणीच बोललं नाही ते आधी सांगतो. तुमच्या हेडिंगमधली खरी गडबड क्रियापदात नाहीये, 'कडून' मधे आहे. 'सरपंचांकडून पाठिंबा काढला' एवढंच वाचलं तर वाचणाऱ्याला वाटतं की पाठिंबा सरपंचांनीच काढला, कारण मराठीत 'कडून' हा करणाऱ्यालाही लागतो, 'पोलिसांकडून तपास सुरू', 'पालिकेकडून पाणीकपात' वगैरे आपण रोज छापतो. मग पुढे 'चार सदस्यांनी' आलं की वाचक अडखळतो आणि परत पहिल्यापासून वाचतो. 'सरपंचांचा पाठिंबा काढला' असं केलं तरी भागत नाही, सरपंचांनी दुसऱ्या कुणाला दिलेला पाठिंबा की सरपंचांना मिळालेला, दोन्ही अर्थ निघतात. सरकारच्या बातम्यांत 'सरकारचा पाठिंबा काढला' असं खूपदा येतं, तिथे वाचक संदर्भाने समजून घेतो कारण गोष्ट आधीच टीव्हीवर पाहिलेली असते, गावच्या बातमीत ती सोय नसते. सरळ 'सरपंचांना दिलेला पाठिंबा' लिहा. दोन शब्द वाढतात पण कोणी कोणाला दिला ते साफ होतं.

आता क्रियापद. 'काढणे' हा मराठीतला इतका राबणारा धातू आहे की एका दिवसात आपण तो किती तऱ्हेने वापरतो ते लक्षातही येत नाही. आपल्या भागात कांदा काढतात, त्यासाठी सोसायटीचं कर्ज काढतात, भाव पडला की कसेबसे दिवस काढतात, कुणाची आठवण काढतात, कुणाची खोड काढतात, भांडण पेटलं की एकमेकांचे आईबाप काढतात. या सगळ्यात मूळ कल्पना एकच आहे, आत किंवा खाली असलेली गोष्ट बाहेर येते. पण ती बाहेर आल्यावर कुठे जाते हे नुसता 'काढणे' सांगत नाही. ते काम पुढचं क्रियापद करतं. काढून ठेवलं म्हणजे नंतरसाठी बाजूला, काढून दिलं म्हणजे दुसऱ्याला, काढून टाकलं म्हणजे नकोसं झालं म्हणून फेकलं, आणि काढून घेतलं म्हणजे दुसऱ्याकडे असलेलं आपल्याकडे आणलं.

म्हणून पाठिंब्याला 'काढून घेणे' चपखल बसतं. पाठिंबा द्यायचा असतो, दिल्यावर तो दुसऱ्याच्या उपयोगाला पडलेला असतो, तरी मालकी देणाऱ्याचीच राहते. द्राक्षबागेत घडांचं वजन आलं आणि मांडवाची तार झोळली की खाली बांबूचा टेकू लावतात ना, तसंच आहे हे, बांबू ज्याचा तो काढून नेणार आणि मांडव मात्र तिथेच बसणार. पाठिंबा शब्दात 'पाठ' आहेच, मागून लागलेला आधार. तो नुसता निघत नाही, कुणीतरी तो ओढून घ्यावा लागतो.

आणि हे नुसतं माझं मत नाही, भाषाच तसं वागते. 'काढणे'ची जोडी 'निघणे'. कांदा काढला, कांदा निघाला. माग काढला, माग निघाला. मिरवणूक काढली, मिरवणूक निघाली. पण 'पाठिंबा काढला' वरून 'पाठिंबा निघाला' कुणी म्हणत नाही, म्हणून बघा, कानाला लगेच खटकेल. म्हणजे राजकीय पाठिंबा आपोआप जाण्याची सोयच मराठीत नाही, काढणारा कुणीतरी लागतोच. लोकांचा पाठिंबा मात्र ओसरतो, घटतो, आटतो, तिथे कुणी एक माणूस सही करून तो काढत नाही. त्यामुळे 'मतदारांनी पाठिंबा काढून घेतला' हे वाक्य मी डेस्कवर असताना नेहमी कापायचो आणि 'मतदारांनी पाठ फिरवली' करायचो.

आता नुसता 'काढला' चुकीचा का? चुकीचा नाही. बोलताना सर्रास चालतो, 'त्यांनी पाठिंबा काढला ना राव' असं सीबीएसवर, म्हणजे नाशिकच्या मध्यवर्ती बसस्टँडवर, चहा पिताना कुणीही म्हणेल आणि ऐकणाऱ्याला शंभर टक्के कळेल. जागा कमी असेल तर हेडिंगमधेही चालेल. पण बातमीच्या अंगात 'काढून घेतला'च ठेवा आणि त्याला एक कारण आहे. मराठीत असे जोड क्रियापदातले दुसरे शब्द बहुतेक वेळा नकारात गळून पडतात, 'मी जेवून घेतलं' याचा नकार 'मी जेवलो नाही' असाच होतो, 'जेवून घेतलं नाही' फार कमी ऐकू येतं. पण 'आम्ही पाठिंबा काढून घेतलेला नाही' हे वाक्य अगदी सहज येतं, नेते पत्रकार परिषदेत रोज बोलतात. इथे 'घेणे' गळत नाही कारण ते शोभेचं नाही, अर्थाचा अर्धा भार त्याच्यावर आहे. नकारात टिकतं ते खरं, ही कसोटी दुसऱ्या क्रियापदांनाही लावून बघा, बरंच काही कळतं.

'मागे घेणे' हिंदीतून आलंय हे जे सांगतात त्यांना एवढंच विचारा की भांडणात आपण 'तुझे शब्द मागे घे' म्हणतो ते कुठून आलं. ते अस्सल आपलं आहे. फक्त त्याचं क्षेत्र वेगळं आहे. जे एकदा बोलून, लिहून, जाहीर करून किंवा दाखल करून पुढे टाकलंय ते मागे घेतात. उमेदवारी अर्ज, तक्रार, खटला, राजीनामा, विधान, आंदोलन. १९२२ च्या फेब्रुवारीत चौरीचौरानंतर गांधीजींनी असहकार आंदोलन मागे घेतलं, तिथे 'काढून घेतलं' कुणी लिहिणार नाही. २०१८ मधे ६ मार्चला आपल्या नाशिकच्या सीबीएसवरून शेतकऱ्यांचा लाँग मार्च निघाला, पायी मुंबईला पोचला आणि १२ मार्चला सरकारने मागण्या मान्य केल्यावर आंदोलन मागे घेतलं गेलं. माणसं पुढेच गेली होती, मागे घेतली ती भूमिका. सोसायटीच्या मीटिंगमधे ठरावाला कुणी अनुमोदन दिलं आणि मग विचार बदलला तर इतिवृत्तात 'अनुमोदन मागे घेतले' असंच लिहितात.

पाठिंबा दोन्हीकडे बसतो कारण तो दोन्ही आहे, आधारही आहे आणि राज्यपाल किंवा राष्ट्रपतींना दिलेलं पत्रही आहे. पत्रावर भर असेल तर 'पाठिंब्याचं पत्र मागे घेतलं' म्हणा, सरकारच्या बुडाखालचा आधार गेला हे सांगायचं असेल तर 'काढून घेतला'. १९९९ च्या एप्रिलमधे जयललितांच्या अण्णाद्रमुकने वाजपेयी सरकारचा पाठिंबा काढून घेतला आणि १७ तारखेला सरकार एका मताने पडलं. तिथे 'मागे घेतला' व्याकरणाला धरून आहे पण जे झालं त्याचा धक्का त्यात येत नाही. उलट जुलै २००८ मधे डाव्यांनी अणुकरारावरून पाठिंबा काढून घेतला तरी मनमोहनसिंगांचं सरकार २२ जुलैला विश्वासदर्शक ठराव जिंकलं, म्हणजे काढून घेतला म्हणून पडलंच असं नाही, हेडिंगमधे 'सरकार कोसळणार' जोडायची घाई करू नये.

अजून एक गल्लत डेस्कवर फार होते. 'सत्तेतून बाहेर पडले' आणि 'पाठिंबा काढून घेतला' या एकच गोष्टी समजतात. एखादा पक्ष मंत्रिपदं सोडूनही मित्र राहू शकतो. २०१८ मधे तेलुगू देसमच्या केंद्रातल्या मंत्र्यांनी ८ मार्चला राजीनामे दिले पण पक्ष भाजपच्या एनडीए आघाडीत होता, एनडीए सोडली १६ मार्चला. मधल्या आठवड्यात 'पाठिंबा काढला' छापलं असतं तर ती चुकीची बातमी झाली असती. आणि बाहेरून पाठिंबा देणारा तर 'बाहेर पडू' शकतच नाही, तो बाहेरच असतो.

शब्द नीट वापरायचं महत्त्व किती आहे ते आपल्याच राज्यात दिसलं. जून २०२२ मधे राज्यपालांनी ३० तारखेला बहुमत चाचणी घ्यायला सांगितली आणि मुख्यमंत्री उद्धव ठाकरेंनी २९ ला रात्रीच राजीनामा दिला. नंतर ११ मे २०२३ ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निकाल देताना राज्यपालांचा तो आदेश चुकीचा ठरवला. कारण काय, तर राज्यपाल शिवसेनेतल्या बंडखोर आमदारांच्या ज्या कागदांवर विसंबले त्यात नाराजी होती, सुरक्षेची काळजी होती, पण आम्ही सरकारचा पाठिंबा काढून घेतोय असं म्हटलेलं नव्हतं. चाचणीला सामोरं न जाताच राजीनामा दिल्यामुळे जुनं सरकार परत आणता येणार नाही हेही कोर्टाने सांगितलं. तुमचं राजकारण काहीही असो, शब्दांवर काम करणाऱ्या प्रत्येकाने हा भाग वाचावा असं मला मनापासून वाटतं. नाराज होणं, गट वेगळा करणं, साथ सोडणं, बंड करणं, पाठिंबा काढून घेणं ही पाच वेगळी कामं आहेत. आणि आपण घाईत पाचांना एकच शब्द लावतो.

बोलीतल्या शब्दांचंही तसंच. ऐन वेळेला माझ्याकडून होणार नाही म्हणाला तर त्याने हात वर केले, द्राक्षाचा सौदा करून गेलेला व्यापारी पैशाच्या वेळी करतो ते. माझा संबंधच नाही म्हणाला तर हात झटकले. देत होता ते कमी केलं तर हात आखडता घेतला, पुतण्याची दोन वर्षं फी भरली आणि तिसऱ्या वर्षी 'बघू, यंदा बागेचं काही खरं नाही' म्हणाला तो काका. भानगडीत होता आणि हळूच निसटला तर अंग काढून घेतलं. यातलं 'हात आखडता घेतला' पाठिंबा काढण्याच्या जागी कधीच वापरू नका, त्यात देणं चालूच असतं, फक्त कमी झालेलं असतं. आणि कांद्याच्या बातम्यांत बघा, निर्यातबंदी उठवली म्हणतात, निर्यातशुल्क हटवलं किंवा मागे घेतलं म्हणतात, 'बंदी काढून घेतली' म्हणत नाहीत. बंदी आपल्या डोक्यावर असते, ती परत घेऊन सरकारला काही मिळत नाही.

आता तुमची बातमी. सरपंच थेट जनतेतून निवडून आलेले आहेत का ते आधी विचारा. आपल्याकडे थेट सरपंच २०१७ ला आले, २०२० ला ती पद्धत रद्द झाली आणि २०२२ ला परत आली. थेट निवडलेल्या सरपंचांना सदस्यांचा पाठिंबा आहे की नाही यावर त्यांचं पद उभं नसतं, सदस्यांना तहसीलदारांकडे अविश्वास ठरावाची नोटीस द्यावी लागते, विशेष सभेत तीन चतुर्थांश बहुमत लागतं आणि वर ग्रामसभेत गुप्त मतदान होतं. त्यामुळे चौघांनी नुसतं पत्रकार परिषदेत सांगितलंय की नोटीस दिलीय, यावर अख्खी बातमी ठरते. नोटीस दिली असेल तर पाठिंबा शब्दाची गरजच नाही, 'सरपंचांविरुद्ध अविश्वास ठरावाची नोटीस' हेच हेडिंग. नोटीस नसेल आणि नुसतं जाहीर केलं असेल तर 'चार सदस्यांनी सरपंचांची साथ सोडली' पुरेसं आहे, तेवढंच घडलंय.

आणि सदस्यांनी निवडलेले सरपंच असतील, याच चौघांच्या जोरावर बसलेले असतील, तर मग 'सरपंचांना दिलेला पाठिंबा चार सदस्यांनी काढून घेतला'. 'काढून घेण्यात आला' असं करू नका हां, तो 'ण्यात आला' नोटीस बोर्डाला ठीक आहे, बातमीत कोणी काढला ते आधी यायला हवं. हेडिंगला जागा कमी पडली तर 'काढला' करा, पण 'सरपंचांना दिलेला' कापू नका. तुमच्या सीनिअरना 'कडून'चा मुद्दा दाखवा आणि काय म्हणाले ते इथे लिहा.