शेऱ्याच्या रकान्यापर्यंत वाच

पोरी,

तुझी लांबलचक मेल वाचली. अर्धी होईपर्यंत जीव कळवळला आणि उरलेली वाचताना चिडचीड झाली, तेव्हा या पत्रात तुला दोन्ही सापडेल. तू हुशार आहेस, निभावून नेशील, असलं काही मी लिहिणार नाही. ते सांगायला तुझी आई आहे.

लायडनमधले तुझे सर म्हणतात, प्रबंधात गिरमिटाला, म्हणजे भारतीय मजुरांना करारावर परदेशी मळ्यांवर नेण्याला, नवी गुलामगिरीच म्हण. दक्षिण अमेरिकेतल्या सुरीनाम या डच वसाहतीत असे गेलेल्यांची नातवंडं, म्हणजे हेगमधली सुरीनामी मंडळी, म्हणतात, आमच्या आजा-आजींनी दलदलीतून संसार कसा उभा केला ते लिही. इथलं मराठी मंडळ म्हणतं, ते सगळं राहू दे, शिवाजी महाराजांनी डचांना गुलाम विकत घ्यायची बंदी केली त्यावर अर्धा तास बोल. त्यात परिसंवादात एका बाईंनी सगळ्यांदेखत विचारलं, तुम्ही मराठी, तुमचा यात काय संबंध? तेव्हापासून तुझी झोप उडाली आहे आणि तू मला विचारतेस, मावशी, मी कोणाच्या बाजूनं लिहू?

कोणाच्याच नको. या मजुरांची, म्हणजे गिरमिटियांची, नोंदवही उघड आणि शेऱ्याच्या रकान्यापर्यंत वाच. माझ्याकडे देण्यासारखं एवढंच आहे, आणि ते मी या पत्रात पुन्हा पुन्हा सांगणार आहे, कारण तुझ्या वयाची मुलं पहिले तीन रकाने वाचून प्रबंध लिहायला बसतात.

मंडळापासून सुरुवात करू, टाळ्या तिथे सगळ्यांत स्वस्त आहेत. 1677 मध्ये, दक्षिणेच्या स्वारीत, महाराजांनी डच कंपनीला कौल, म्हणजे लेखी सनद, दिला आणि आपल्या मुलखात बायका-पुरुषांना गुलाम म्हणून विकत घ्यायला मनाई केली, हे खरं आहे. तो कागद डचांच्या दप्तरात राहिला. मला त्याचा अभिमान आहे, तुलाही असू दे. पण तो कौल मुळात व्यापाराचा आहे आणि मनाई हे त्यातलं एक कलम आहे. मनाई करावी लागली, म्हणजे तिथल्या कोरोमंडल किनाऱ्यावर माणसांची खरेदी राजरोस चालू होती. पुलिकतला डच 1613 पासून किल्ला धरून होते, नागपट्टण त्यांनी 1658 मध्ये पोर्तुगिजांकडून घेतलं. दुष्काळ पडला की माणूस स्वस्त व्हायचा आणि जहाजं भरून बटाव्हियाकडे, आजच्या जकार्ताकडे, जायचा. महाराजांची सत्ता जिथवर होती तिथवर कौल चालला, त्याच्या पलीकडे बाजार तसाच राहिला. हे मंडळाच्या व्यासपीठावर बोलशील का? बोलणार असशील तर जरूर जा. नाहीतर तुझ्याऐवजी कोणीही जाऊन बोलेल, व्हॉट्सअ‍ॅपवर मजकूर तयारच आहे.

बटाव्हियाकडे जाणाऱ्यांतले काही दक्षिण आफ्रिकेतल्या केपला पोचले. तिथल्या दप्तरात 'बंगालची अँजेला' आहे. ती 1657 च्या सुमारास आली आणि तिथल्या डच वसाहतीचा प्रमुख यान फान रिबेक याच्या घरी राबली. 1666 मध्ये मुक्त झाली, पुढे एका गोऱ्या वसाहतवाल्याशी तिचं लग्न झालं. आज कित्येक आफ्रिकानेर घराण्यांच्या वंशावळी तिच्यापाशी जाऊन थांबतात. तू हेगमध्ये पाउल क्रूगरलानवर रोटी खायला जातेस ना? त्या रस्त्याला बोअरांच्या, म्हणजे याच आफ्रिकानेरांच्या, राष्ट्राध्यक्षाचं नाव आहे आणि वस्तीचं नाव ट्रान्सवाल. दोन्ही बाजूंना साड्या, सोनं, 'बारा' नावाचे वडे आणि लांब शेंगांची भाजी. बोअरांच्या नावाच्या रस्त्यावर कंत्राटी मजुरांची पणतवंडं दुकानं थाटून बसली आहेत आणि त्याच बोअरांच्या काही घरांची आदिआजी बंगालमधून विकत आणलेली होती. यावर सिद्धांत रचायचा मोह होईल. रचू नकोस. आधी अँजेलाचे कागद पुरते वाच.

आता सुरीनाम. सुरीनाममधली गुलामगिरी 1 जुलै 1863 ला संपली. मालकांना माणशी 300 गिल्डर भरपाई मिळाली, सुटलेल्यांना काही नाही, उलट आणखी दहा वर्षं सरकारी देखरेखीखाली मळ्यांवर काम करायची सक्ती. ती सक्ती 1 जुलै 1873 ला संपणार होती. कलकत्त्याहून सुटलेलं 'लाला रूख' हे मजुरांचं पहिलं जहाज सुरीनामच्या राजधानीला, पारामारिबोला, कधी लागलं? जून 1873 च्या पहिल्या आठवड्यात. या दोन तारखा तू वेगवेगळ्या प्रकरणांत टाकल्या आहेस, तुझा आराखडा मी पाहिला. का गं? सुटलेला माणूस मजुरीचा भाव करू लागणार, त्याच्या आत भाव पाडणारी माणसं बंदरात हवी होती. तुझे सर गिरमिटाला गुलामगिरी म्हणतात आणि मंडळी कष्टाची गाथा म्हणतात, पण ज्यांचा भाव पडला ते कृष्णवर्णीय क्रिओल शेजारी दोघांच्याही गोष्टीत नाहीत. त्यांच्या गुलामनोंदवह्या 2018 पासून सगळ्यांना खुल्या आहेत. दोन्ही वह्या शेजारी शेजारी ठेवून वाच.

गिरमिटियांच्या वहीत काय असतं ते तुला तोंडपाठ व्हायला हवं. नाव, बापाचं नाव, वय, उंची, जात, अंगावरची खूण, गाव, ठाणं, जिल्हा. मग जहाज, मग मळा. करार पाच वर्षांचा, रोजी पुरुषाला 60 सेंट आणि बाईला 40. शेतात सात तास, कारखान्यात दहा. कामाला नकार दिला तर तो फौजदारी गुन्हा, म्हणजे दंड किंवा तुरुंग. इथवर सगळे वाचतात. त्याच्या पुढे शेरा असतो. मेला. परत गेला. दुसरा करार केला. 100 गिल्डर घेऊन परतीचा हक्क सोडला. हा शेवटचा शेरा 1895 नंतर येऊ लागतो, कारण सरकारला मजूर परत पाठवायचा खर्च नको होता आणि जमीन कसायला माणसं हवी होती. मग 'आमचे पूर्वज या मातीवर प्रेम जडून राहिले' असं वाक्य लिहिताना हात जरा थांबेल की नाही? प्रेम नसेल असं मी म्हणत नाही. पण 100 गिल्डरांचा शेरा तिथे आहे.

1873 ते 1916 या काळात 64 जहाजांतून चौतीस हजारांवर माणसं आली, आणि त्यातली जवळजवळ एक तृतीयांश परत गेली. सुरुवातीलाच मळ्यांवर इतके मेले की इंग्रज सरकारनं काही काळ जहाजं बंद ठेवली होती. परत गेलेल्यांचं काय झालं, हे सुरीनाममध्ये कोणी विचारत नाही, कारण ते तिथले राहिले नाहीत. भारतात कोणी विचारत नाही, कारण गावानं त्यांना घेतलंच नाही. काळं पाणी ओलांडलेला माणूस जातीत परत कसा घेणार? वेगवेगळ्या वसाहतींतून परतलेले कित्येक जण कलकत्त्यात मटियाबुर्जला गोदीजवळ पडून राहिले आणि पुन्हा कुठलं तरी जहाज मिळेल म्हणून वाट पाहू लागले. तुझ्या आराखड्यात त्यांच्यासाठी एक ओळ आहे. एक!

बंड आलं की मात्र तुझी लेखणी पळायला लागते. मारियनबुर्खच्या मळ्यावर 1902 मध्ये मजुरी कापली म्हणून चिडलेल्या मजुरांनी मॅनेजर मेव्हरला ठार केलं, दुसऱ्या दिवशी सैनिकांनी गोळ्या घातल्या, 24 माणसं गेली. प्रेतं चुना टाकून एका खड्ड्यात पुरली आणि तो खड्डा नेमका कुठे हे पुढे कोणाला सापडलं नाही. ते तू चांगलं लिहिलं आहेस, खोटं कशाला बोलू. तेतरीवरचं पानही चांगलं आहे. 1884 मध्ये झोर्ग एन होपच्या मळ्यावर गोळी लागून मेलेली ही तरुण आई, तिचा पुतळा 2017 मध्ये पारामारिबोत उभा राहिला, आणि तोही कंत्राटी मजुरांवरचे डच अधिकारी बार्नेट लायन यांचा पुतळा जिथे होता तिथे. पण वीरांवर लिहिताना आपण सगळेच बरे लिहितो. ज्यानं बंड केलं नाही, करार पुरा केला, 100 गिल्डर घेतले आणि भाताचं शेत केलं, त्याच्यावर दोन पानं लिहून दाखव.

अर्काटी तू गाळले आहेस. गावोगाव फिरून नोकरीच्या थापा मारणारे, बायकांना देवदर्शनाच्या नावाखाली डेपोत आणणारे हे लोक आपलेच होते. दर शंभर पुरुषांमागे चाळीस बायका भरायचा नियम होता, म्हणून त्यांचा डोळा बायकांवर असायचा. मळ्यावर मजुरांना हाकणारे सरदारही आपलेच. नुसत्या डचांवर खापर फोडणं सोपं आहे. डच पंतप्रधानांनी डिसेंबर 2022 मध्ये गुलामगिरीबद्दल माफी मागितली, राजानं 1 जुलै 2023 ला. अर्काट्याच्या वतीनं कोण मागणार?

या अर्काट्यांपायी माझं पुस्तक राहिलं, हे तुला कोणी ना कोणी सांगितलंच असेल. मी लग्न करून हेगला आले तेव्हा सुरीनाम नुकता स्वतंत्र झाला होता. नोव्हेंबर 1975 नंतरही पाच वर्षं लोकांना इथे येऊन राहायची मुभा होती आणि देशातली जवळजवळ एक तृतीयांश माणसं इथे आली. सरकार त्यांना लहान लहान गावांत विखरून ठेवू पाहत होतं आणि ते पुन्हा शहरात आपल्या माणसांजवळ येत होते. मी ज्या कचेरीत खिडकीवर बसायचे तिथे एक म्हातारे काका आले होते. डोक्यावर लोकरी टोपी, हातात प्लास्टिकची पिशवी. फॉर्मवर जन्मगाव विचारलं तर त्यांनी मळ्याचं नाव सांगितलं, आणि मग न विचारता बापाचं जहाज, ठाणं आणि 'जिला बस्ती', म्हणजे उत्तर प्रदेशातला बस्ती जिल्हा. त्यांची सरनामी बोली मला अर्धीच कळली, पण ते पाठ केलेलं होतं हे कळलं. तेव्हापासून मी जो येईल त्याचं ठाणं आणि जिल्हा लिहून घेऊ लागले.

पुढे एका संस्थेनं स्मरणग्रंथ लिहायला सांगितला. हस्तलिखित दिल्यावर म्हणाले, अर्काटी आणि सरदार ही प्रकरणं काढा, समारंभाला बरं दिसत नाही. मी अख्खं बाडच परत आणलं. तुझे काका म्हणाले, हा शुद्ध हट्ट आहे. असेल. मुलीचे कितीतरी शनिवार मी त्या कामात घालवले आणि घरात छापील एक पान नाही, याचं वाईट वाटत नाही असं म्हटलं तर तुला पटणार नाही. त्याहून जास्त सलतं ते वेगळंच. नोंदवह्यांची यादी संगणकावर आली तोवर मला ठाणी सांगणारे बहुतेक सगळे गेले होते. त्यांच्या बापाची ओळ मला सापडते आणि सांगायला कोणी नसतं. पण ती प्रकरणं काढून पुस्तक आलं असतं, तर आज तू तेच उचलून प्रबंधात वापरलं असतंस आणि अर्काटी कायमचे गेले असते. म्हणून आजही मी तेच केलं असतं. तुला हे समर्थन वाटलं तर वाटू दे.

राहता राहिल्या त्या बाई आणि 'तुमचा काय संबंध'. खरंच काही नाही, असं सांगायचं. सुरीनामला गेले ते बहुतेक पूर्वेकडचे, भोजपुरी-अवधी बोलणारे. ओढूनताणून नातं जोडू नकोस, ते त्या लोकांना लगेच कळतं. तुझं खरं नातं आहे ते तुझ्या वेंगुर्ल्याच्या पडक्या वखारीशी. गोव्याची कोंडी करायला डच तिथे येऊन बसले आणि तिथून बटाव्हियाला पत्रं धाडत राहिले. आणि मराठी गिरमिटियेच हवे असतील तर मॉरिशसला जा. त्या बेटाला नाव डचांनी दिलं, जावाचा ऊस 1639 मध्ये डचांनीच नेला, आणि इंग्रजांच्या राज्यात तो ऊस तोडायला गेलेल्यांत आपले कोकणातले होते. पण तो दुसरा प्रबंध झाला, त्यात आत्ता शिरू नकोस.

त्या बाईंना उत्तर द्यायचंच असेल तर भांडू नकोस. त्यांच्या पणजोबांचं नाव विचार, यादीत शोध आणि शेऱ्यासकट उतरवून दे. तो शेरा त्यांना आवडेलच असं नाही, तेव्हा पाठवण्याआधी फोन कर.

बाकी माझी खोकी ने. मुलीला नको आहेत आणि माळ्यावर आता मला चढवत नाही. कार्डांवर माझं अक्षर वाईट आहे, डच नावं देवनागरीत लिहिली आहेत, अडलं तर विचार. आराखड्यातली पहिली तीन प्रकरणं बाजूला ठेव आणि आधी एका जहाजाची परत गेलेल्यांची यादी कर. राहिलेल्यांवर लिहायला पुष्कळ जण बसले आहेत.

मावशी