'गॉस्पेल'मध्ये गॉड नाही

प्रश्न असा आला आहे : कॅरी अंडरवूड या अमेरिकी कंट्री गायिकेच्या लाइव्ह गॉस्पेल (ख्रिस्ती भक्तिगीतांच्या) अल्बमवर मराठीत लिहिताना 'देववाणीचा थेट अल्बम' असे म्हटले तर चालेल का?

नाही चालणार. तीन शब्दांत दोन चुका आहेत.

'थेट' लगेच निकालात काढू. थेट असते ते प्रक्षेपण. अल्बम कसला थेट? ४ एप्रिल २०२१ला, ईस्टरच्या रविवारी, नॅशव्हिलच्या रायमन सभागृहातून ही मैफल इंटरनेटवर दाखवली गेली, तेव्हा ती थेट होती. पुढे ती डीव्हीडीवर आली, तेव्हा ते मैफिलीचे ध्वनिचित्रमुद्रण झाले. स्टुडिओत तुकडे जोडून नव्हे, तर मंचावर सलग गायलेले, एवढाच 'लाइव्ह'चा अर्थ. 'मैफिलीत ध्वनिमुद्रित' म्हणा, नाहीतर सरळ 'लाइव्ह' ठेवा.

आता 'देववाणी'. एक तर मराठीत देववाणी म्हणजे संस्कृत. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे गॉस्पेल = गॉड + स्पेल, 'देवाचा मंत्र', ही फोड. ती व्याख्यानांतून आणि व्हॉट्सअ‍ॅपवरून इतक्या ठामपणे सांगितली जाते की ऐकून कान किटले. जुन्या इंग्रजीत शब्द होता 'गोडस्पेल', त्यातला 'गो' दीर्घ. या दीर्घ 'गोड'चा अर्थ चांगला, म्हणजे आजचा 'गुड'. देव या अर्थाच्या शब्दात स्वर ऱ्हस्व होता. 'स्पेल' म्हणजे बोलणे, वार्ता. जादूच्या मंत्राचा अर्थ त्याला सोळाव्या शतकात चिकटला, तो शेकडो वर्षे मागे नेऊन बसवायचा नसतो.

मग दीर्घ 'गो' गेला कुठे? इंग्रजीची एक खोड आहे : शब्दाला पुढे शेपूट जोडले आणि व्यंजनांची दाटी झाली की आधीचा दीर्घ स्वर आखडतो. गूस पण गॉझलिंग. वाइज पण विझडम. शीप पण शेपर्ड. हाउसचे जुने रूप 'हूस', त्यावरून हजबंड. तसाच 'गोडस्पेल'मधला दीर्घ स्वर ऱ्हस्व झाला आणि लोकांना त्यात देव ऐकू येऊ लागला. इंग्लंडमधून धर्मप्रसारक हा शब्द घेऊन बाहेर पडले, आणि जुन्या जर्मनने 'गोटस्पेल', जुन्या नॉर्सने 'गुडस्प्याल' असे देवाचे रूपच उचलले. आइसलँडमध्ये ते आजही चालते. म्हणजे ही चूक हजार वर्षांची आहे. पण जुनी झाली म्हणून चूक ही व्युत्पत्ती ठरत नाही.

खरी गंमत याच्याही मागे आहे. 'गोडस्पेल' हे ग्रीक 'एउआंगेलिओन'चे शब्दशः भाषांतर : 'एउ' म्हणजे चांगला, 'आंगेलोस' म्हणजे निरोप्या. हा 'एउ' आणि संस्कृतचा 'सु' एकाच मुळाचे. त्यामुळे वसईच्या ख्रिस्ती मासिकाचे 'सुवार्ता' हे नाव ग्रीक मूळ शब्दाच्या किती जवळ जाते पाहा : निदान पहिल्या अक्षरापुरते तरी सख्खे नाते. ('आंगेलोस'ची सोयरीक 'अंगिरस'शी जुळवणारेही आहेत. ध्वनिसाम्यापलीकडे त्यांच्या हाती काही नाही.) अरबी 'इंजील' आणि कोकणीतले 'वांजेल' ही त्याच ग्रीक शब्दाची लेकरे, वांजेल आले पोर्तुगिजांबरोबर.

होमरच्या काव्यात मात्र 'एउआंगेलिओन' म्हणजे चांगली बातमी नव्हे. बातमी आणणाऱ्याला द्यायचे बक्षीस! आपल्याकडे काय म्हणतात? 'तुझ्या तोंडात साखर पडो.' माझ्या मते ही साखर म्हणजेच होमरचे एउआंगेलिओन. बक्षिसाचा शब्द ग्रीकांनी पुढे बातमीलाच दिला. आपण बातमी आणि साखर वेगळी ठेवली, हत्तीवरून वाटली, पण बातमीला साखर म्हटले नाही.

मराठी बायबलमध्ये 'मत्तयकृत शुभवर्तमान' (इंग्रजीतले 'गॉस्पेल') असते. तिथल्या 'वर्तमान'वर काळाचा संशय घेणाऱ्यांनी 'वर्तमानपत्र' आठवावे. बखरीतले 'हे वर्तमान कळताच' तेच. 'शुभ' म्हणजे गुड, 'वर्तमान' म्हणजे स्पेल. इंग्रजी जे विसरली ते मराठीत शाबूत आहे.

पण म्हणून गाण्यांना 'शुभवर्तमान' म्हणू नका, तो ग्रंथ आहे. संगीतातले गॉस्पेल १८७०च्या दशकातल्या अमेरिकी धर्मप्रचार-सभांमधून रूढ झाले : १८७४मध्ये फिलिप ब्लिस यांचे 'गॉस्पेल साँग्ज' निघाले. साधी चाल, कडवे आणि सर्वांनी उचलायचे ध्रुपद. काटेकोरपणे पाहिले तर अंडरवूडच्या यादीत जुनी स्तोत्रेही आहेत. 'अमेझिंग ग्रेस' १७७९मध्ये छापले गेले, तेव्हा गॉस्पेल नावाचा संगीतप्रकारच नव्हता. पण कंट्रीवाले दोन्ही एकाच टोपलीत घालतात आणि ग्रॅमीवालेही : तिच्या मूळ स्टुडिओ अल्बमला २०२२मध्ये 'रूट्स गॉस्पेल'चे पारितोषिक मिळाले. रायमन सभागृहाचे १८९२चे नावही 'युनियन गॉस्पेल टॅबरनॅकल'च होते.

तेव्हा 'गॉस्पेल गीतांचा लाइव्ह अल्बम' लिहा. 'कंट्री'चे 'देशी' करू नका, तिथे कंट्री म्हणजे गावाकडचे. अल्बमला गीतसंच म्हणायचे तर म्हणा, त्यावर भांडण नाही.