फुलांवर चालणारं पंचांग : वाचकांचे प्रश्न

काल्पनिक जगासाठी फुलांच्या बहरावर आधारलेलं कॅलेंडर कसं रचावं, याबद्दल आलेल्या पत्रांपैकी चार पत्रांना या वेळी उत्तरं देत आहोत. नुसती नावं सुचवा म्हणणारी पत्रं बाजूला ठेवली आहेत. नावं सुचतातच, फसतो तो हिशेब.

प्रश्न : माझ्या कादंबरिकेतल्या बेटावर बारा जादूई फुलं आहेत. दर पौर्णिमेला एक उमलतं आणि महिना बदलतो. पहिल्या भागात ‘धुकमोगरा’ ऐन थंडीत फुलतो. दुसरा भाग सोळा वर्षांनंतरचा आहे, तिथेही तो थंडीतच दाखवलाय. मित्र म्हणतो, हे जमणार नाही. — एक वाचक, गिरगाव

मित्र बरोबर सांगतोय. पौर्णिमा ते पौर्णिमा सरासरी २९.५३ दिवस. अशा बारा झाल्या की ३५४ दिवस होतात. थंडी-पाऊस मात्र सूर्याच्या ३६५ दिवसांवर चालतात. दर वर्षी सुमारे ११ दिवसांची तूट पडते आणि सोळा वर्षांत ती जवळजवळ सहा महिन्यांवर जाते. तुमचा धुकमोगरा तोवर भर पावसात फुलू लागलेला असेल.

आपल्या पंचांगाने यावर अधिक मास काढला. २०२३ मधला अधिक श्रावण आठवत असेलच. ज्या चांद्र महिन्यात सूर्य रास बदलत नाही तो अधिक. हाच नियम फुलांना लावा. वर्षाचे बारा सारखे भाग करा, एक भाग ३०.४४ दिवसांचा. प्रत्येक भागाची सुरुवात हा एकेका फुलाचा उंबरठा. उंबरठा ओलांडल्यानंतर जी पहिली पौर्णिमा येईल त्या रात्री ते फूल उमलेल. दोन पौर्णिमांमधलं अंतर दोन उंबरठ्यांमधल्या अंतरापेक्षा थोडं कमी असल्याने अधूनमधून अशी पौर्णिमा येते की मधल्या काळात एकही उंबरठा आलेला नसतो. त्या रात्री बेटावर काहीच फुलत नाही. हा तुमचा ‘मुका महिना’.

१९ वर्षांत २३५ पौर्णिमा येतात आणि उंबरठे २२८. म्हणजे सात मुके महिने. ते कधी येतात हे मनाने ठरवू नका. वहीत दोन रकाने आखा, एकात २९.५३ ची आणि दुसऱ्यात ३०.४४ ची बेरीज करत जा, रिकामी पौर्णिमा आपोआप सापडते. कथेचं खरं खाद्यही इथेच आहे : मुक्या महिन्याचं व्याज सावकाराने घ्यायचं की नाही? त्या महिन्यात जन्मलेल्याचा वाढदिवस कधी? बारा फुलांच्या रंगवर्णनावर चार पानं घालवण्यापेक्षा असा एक तंटा रंगवा.

प्रश्न : पिढीतून एकदाच येणारा ‘महाबहर’ हवा आहे. कारवीसारखी दोन फुलं घेतली, एक ८ वर्षांनी आणि एक १२ वर्षांनी फुलणारं. दोन्ही एकत्र आली की उत्सव. दर २४ वर्षांनी येईल ना? — एक वाचक, बोरिवली

येईल किंवा कधीच येणार नाही. सुरुवातीच्या वर्षांमधला फरक ४ च्या पटीत असेल तरच ८ आणि १२ ची गाठ पडते. खरं उदाहरण घ्या. तुमच्या शेजारच्या राष्ट्रीय उद्यानातली कारवी २०१६ आणि २०२४ मध्ये फुलली. मुन्नारची नीलकुरिंजी २००६ आणि २०१८ मध्ये. दोघींचं चक्र असंच चालू राहिलं तर त्यांचा बहर एका वर्षी कधीच येणार नाही. सामाईक विभाजक नसलेले आकडे घ्या, उदाहरणार्थ ७ आणि ११. मग सुरुवात कुठूनही होवो, दर ७७ वर्षांनी गाठ पडतेच. पिढीतून एकदा हवं असेल तर ५ आणि ७ घ्या, ३५ वर्षं.

कारवीकडून आणखी दोन गोष्टी उचला. बहर येऊन बी धरलं की झुडूप मरतं आणि नवी रोपं पावसात रुजतात. त्यामुळे महाबहरानंतरचा डोंगर वाळक्या काड्यांचा दाखवा. शिवाय काही चुकार झुडपं भलत्याच वर्षी फुलतात. खोटा उत्सव जाहीर करणारा पुजारी हवा असेल तर त्याला हे कारण पुरेसं आहे.

प्रश्न : आम्ही मित्रमंडळी रविवारी दादरला जमून टेबलावर रोल-प्लेइंग गेम (प्रत्येकाने एक पात्र घेऊन गोष्ट पुढे न्यायचा खेळ) खेळतो. आमच्या राज्यात समुद्रकिनारा आहे आणि घाटमाथाही. फूल सगळीकडे एकाच दिवशी कसं उमलेल? आणि शत्रूला पंचांगात घोटाळा करायचा असेल तर? — दोन वाचक, माहीम

एकाच दिवशी उमलणार नाही, आणि ते बरंच आहे. अमेरिकी कीटकशास्त्रज्ञ अँड्र्यू हॉपकिन्स यांनी १९१८ मध्ये मांडलेला ठोकताळा असा : वसंतात दर ४०० फूट उंचीला बहर ४ दिवस मागे पडतो. तो समशीतोष्ण प्रदेशाचा आहे, पण खेळासाठी चालेल. २,००० फुटांवरच्या गडावर फूल २० दिवस उशिरा. मग कोणाची तारीख खरी? एक प्रमाण झाड ठरवा. टोकियोत ठरलेल्या एका चेरीच्या झाडावर पाच-सहा फुलं उमलली की बहर सुरू झाल्याचं जाहीर होतं. तुमच्या राज्यातही झाड एक, मोजणारा एक आणि आकडा आधी ठरलेला हवा. गडावर बातमी पोहोचायला घोडेस्वाराला किती दिवस लागतात तेही लिहून ठेवा, नाहीतर खेळाडू त्यावरून वाद घालतील.

घोटाळ्यासाठी शेवंती पाहा. रात्र लांबली की ती कळी धरते. म्हणून बहर पुढे ढकलायचा असेल तेव्हा शेतकरी रात्री शेतात बल्ब लावतात. लांब रात्र मध्येच उजेडाने तुटली की रोपाला ती छोटीच वाटते. तुमच्या शत्रूने प्रमाण झाडाखाली मध्यरात्री कंदील टांगावेत, पण कळ्या धरण्याआधीपासून आणि रोज. एका रात्रीच्या उजेडाने काम होत नाही, तेव्हा पहारेकरी फितवावा लागेल. राज्य अगदी विषुववृत्तावर असेल तर ही युक्ती विसरा. तिथे दिवस-रात्र वर्षभर जवळपास सारखे, फुलाला ऋतू कळणार तो पावसावरून.

प्रश्न : मुंबईतली खरी झाडं पाहून आराखडा करता येईल का? — एक वाचक, विक्रोळी

हो. तुमच्याकडे पूर्व द्रुतगती महामार्गालगतचे गुलाबी टॅबेबुया फेब्रुवारी-मार्चच्या सुमारास फुलतात. पळस, पांगारा, काटेसावरही त्याच सुमारास. मग बहावा आणि ताम्हण, मे महिन्यात गुलमोहर, पावसात कदंब आणि तेरडा, ऑक्टोबरच्या आसपास सातवीण. तिचा वास रस्ता ओलांडून येतो. झाड एकच धरा, फांदीही तीच, आणि दर रविवारी चारपैकी एक खूण करा : कळी, पहिलं फूल, भर, गळ. महिना ‘पहिल्या फुला’वर मात्र बदलू नका. बहाव्याला अवेळीही एखाददुसरा घोस येतो आणि तुमचा वैशाख कार्तिकात सुरू होतो. निम्मी फांदी फुलली की महिना लागला, असं धरा.