भिंतीपलीकडच्या मामांचा शोध

प्रश्न : माझ्या दिवंगत सासूबाई पश्चिम बर्लिनच्या. त्यांचे थोरले भाऊ पूर्व बर्लिनमध्ये राहिले. १९६१नंतर भेटी थांबल्या. भांडण झालं असावं असं आम्ही धरून चाललो. आता यजमानांना मामांचा शोध घ्यायचा आहे. हाती एकच पाकीट आहे, त्यावर ‘१०५५ बर्लिन’ एवढंच वाचता येतं. सुरुवात कुठून करावी?

उत्तर : भांडणाची समजूत आधी बाजूला ठेवा. दोन्ही बर्लिनमधले फोन १९५२मध्येच तोडले होते, ते १९७१मध्ये थोडेफार सुरू झाले. १३ ऑगस्ट १९६१ला भिंत उभी राहिली आणि पश्चिमेकडच्यांना पलीकडच्या नातलगांकडे जायला थेट १९६३च्या नाताळात परवाने मिळाले, तेही मोजक्या दिवसांचे. अबोला बहुतेकदा लादलेला होता.

पाकीट जपा. ‘१०५५’ हा पूर्व बर्लिनचा पिनकोड. पश्चिमेकडे ‘१००० बर्लिन’ लिहून पुढे विभागाचा आकडा देत. १९९३मध्ये सगळे कोड पाच आकडी झाले, म्हणून जुना कोड आजच्या नकाशात शोधू नका. रस्त्याचं नाव तिरप्या उजेडात वाचून पाहा. ते मिळालं तरी बदललेलं असू शकतं : विल्हेल्म-पीक-श्ट्रासची १९९४मध्ये टोरश्ट्रास झाली. शोध इथेच फार चुकतो.

मग सासूबाईंचा जन्मदाखला श्टांडेसआम्ट या नोंदणी कार्यालयातून मागवा. मुलाला तो मिळतो आणि त्यातून आजी-आजोबांची नावं हाती येतात. मामांचा दाखला मात्र अवघड : जन्मनोंद ११० वर्षं, मृत्युनोंद ३० वर्षं बंद असते, आणि तोवर भाच्याला नुसतं नातं पुरत नाही. मुदत संपली की नोंदी अभिलेखागारात खुल्या होतात. जुनी नोंद कुर्रेंट लिपीत असेल. मोडीसारखीच ती जाणकाराकडून वाचून घ्यावी लागते.

श्टाझीच्या, म्हणजे पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांच्या फायली २०२१पासून जर्मनीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहेत. सासूबाईंच्या फायलीसाठी यजमान मुलगा म्हणून अर्ज करू शकतात. मृत्यूचा आणि नात्याचा पुरावा, अर्जाचं कारण आणि वकिलातीने प्रमाणित केलेली ओळख लागते. मामा हयात नसतील तर त्यांच्या फायलीवर आधी पत्नी, मुलं-नातवंडं, आई-वडील आणि भावंडांचा हक्क. तसं कुणीच नसेल तरच भाचा. म्हणून मामेभावंडं आहेत का, हे आधी शोधा.