वाचक विचारतात : इंडोनेशियाचे व्हिडिओ

यूट्यूबवर इंडोनेशियन कॉमेडी आणि पॉडकास्ट पाहते. ‘सब इंडो’ असं शोधलं की कोरियन मालिकाच समोर येतात. मराठी सबटायटल लावले तर बाईला ‘तो आला’ आणि माणसाला ‘ती आली’! काय करू?
— एक वाचक, धरमपेठ

‘सब इंडो’ हा शब्दच काढून टाका. परदेशी कार्यक्रमाला इंडोनेशियन सबटायटल जोडलेले आहेत, एवढाच त्याचा अर्थ. तिथल्या प्रेक्षकांना कोरियन मालिका आणि जपानी ॲनिमे पाहायला ते लागतात. तुम्ही कलाकाराच्या किंवा चॅनलच्या नावाने शोधा आणि पुढे ‘इंग्लिश सब’ जोडा. माणसाने बसून केलेले सबटायटल असतील तर असेच सापडतात.

नसतील तर यंत्राचे वापरावे लागतात. व्हिडिओवर बोट ठेवा, गिअरचं चिन्ह दाबा, कॅप्शन्समध्ये आधी ‘इंडोनेशियन (ऑटो-जनरेटेड)’ निवडा आणि मग ऑटो-ट्रान्सलेटमध्ये मराठी. फोनच्या ॲपमध्ये ऑटो-ट्रान्सलेट दिसत नसेल तर तोच व्हिडिओ ब्राउझरमध्ये ‘डेस्कटॉप साइट’ करून उघडा.

तो-तीचा घोळ मात्र सेटिंगने सुटणार नाही. इंडोनेशियन भाषेत दोघांनाही ‘दिया’ हे एकच सर्वनाम आहे, त्यामुळे यंत्र अंदाज बांधतं. मराठीत क्रियापदालाही लिंग असल्याने चुकलेला अंदाज वाक्यागणिक खुपतो. इंग्रजी वाचता येत असेल तर तेच लावा. चूक तिथेही होते, पण ‘ही’ आणि ‘शी’पुरती. पॉडकास्टमध्ये तिघं-चौघं एकदम बोलू लागले, किंवा विनोदवीर मध्येच जावानीज भाषेत शिरला, की कॅप्शन बरळायला लागतात. विनोद नेमका तिथेच असतो, हे दुर्दैव!

सुरुवात नेटफ्लिक्सच्या ‘गादिस क्रेतेक’पासून करा. २०२३ ची पाच भागांची मालिका आहे, जावातल्या लवंगी सिगारेटच्या धंद्यावरची. तिचे इंग्रजी सबटायटल यंत्राचे नाहीत. तेवढ्या पाच भागांत कान तयार होतो.

आमचं पोरगं दिवसभर सोफ्याच्या हातावर उभं राहून हात फिरवून राहिलं. होडीच्या टोकावर नाचणाऱ्या त्या पोराचा व्हिडिओ खरा आहे का एआयचा? पूर्ण शर्यत कुठे पाहायची?
— एक वाचक, महाल

खरा आहे. २०२५ मध्ये तो जगभर फिरला आणि त्यानंतर नक्कल करणाऱ्यांचा पूर आला. ही सुमात्रा बेटावरच्या रिआऊ प्रांतातली ‘पाचु जालुर’ नावाची शर्यत. कुआंतान नदीत होते. मुख्य सोहळा ऑगस्टमध्ये, तेलुक कुआंतान गावी. एका अखंड झाडाच्या खोडातून कोरलेली लांबच लांब होडी आणि तिच्यात चाळीस-पन्नास वल्हेकरी. टोकावर हलक्या अंगाचं, तोल पक्का असलेलं पोर उभं करतात. आपली होडी पुढे गेली की ते नाचू लागतं, म्हणजे काठावरच्या गर्दीला दुरूनच कळतं कोण आघाडीवर आहे. काही रील्समध्ये फक्त टोक दिसतं, वल्हेकरी कापलेले असतात. म्हणून तो नाच हवेतला वाटतो.

शोधताना एक गोम आहे. तिथे ‘च’चा उच्चार नुसत्या सी या अक्षराने लिहितात. पी-ए-सी-यू असं टाइप करा; आपल्या सवयीने सी-एच लिहिलंत तर मूळ चॅनल हाती लागत नाहीत. पुढे ‘फायनल’ आणि साल जोडलं की लांब रेकॉर्डिंग मिळतात. आणि हो, सोफ्यापर्यंत ठीक आहे, अंबाझरी-फुटाळ्याच्या कठड्यावर नको.

जकार्ताचा लाइव्ह शो दर वेळी चुकतो. शिवाय तिकडचे ॲप इथे उघडतच नाहीत.
— एक वाचक, सीताबर्डी

पोस्टरवर वेळेपुढे डब्ल्यूआयबी (जकार्ताकडची, म्हणजे पश्चिम इंडोनेशियाची वेळ) असेल तर दीड तास वजा करा : तिथले रात्रीचे ८ म्हणजे नागपुरात संध्याकाळचे साडेसहा. डब्ल्यूआयटीए म्हणजे बाली आणि मकास्सारकडची वेळ, ती अडीच तास पुढे.

टिकटॉकवर भारतात जून २०२० पासून बंदी आहे, मालिका दाखवणाऱ्या ‘वीटीव्ही’ (WeTV) ॲपवर त्याच वर्षीच्या नोव्हेंबरपासून. ‘विडिओ’ हे तिथलं मोठं ॲप; त्यावरचं बरंचसं प्रसारण हक्कांमुळे इंडोनेशियापुरतंच असतं, तेव्हा पैसे भरण्याआधी एखादा फुकट भाग चालतो का ते बघा. कुठल्याशा ग्रुपवर आलेली एपीके फाइल टाकून बंदी असलेलं ॲप चालवायचा खटाटोप करू नका; त्याच फोनमध्ये तुमचं यूपीआय असतं.